पाठमोरा नबी

आमची गाईड फार गोड बोलत होती, आणि मला तेच खटकत होतं. तन्वी नाव तिचं. पंचविशीची असेल. गळ्यात छोटा माईक, कमरेला स्पीकर. घाटकोपरच्या मेट्रो स्टेशनखाली आम्हा दहा-बाराजणांना गोळा करून ती सांगत होती की, मुंबईतल्या ज्यूंचा वारसा म्हटलं की सगळे दक्षिणेकडे धावतात, पण उपनगरांतही तो आहे, फक्त बघायची नजर हवी. नजर हवी म्हणताना तिने सगळ्यांकडे पाहिलं आणि माझ्यावर ती जरा जास्तच थांबली असं मला वाटलं. कदाचित मीच तिच्याकडे रोखून बघत असेन.

या फेरीत माझं नाव लेकीने घातलं होतं. टेलिफोन खात्यातून रिटायर झाल्यापासून आई दिवसभर खिडकीत बसून लोकांवर पाळत ठेवते, असं तिचं म्हणणं. दहिसरहून घाटकोपरला यायचं माझ्या जिवावर आलं होतं. जिथे मी जन्मले, वाढले, तिथे मला कोण काय दाखवणार? पण जाहिरातीत 'बेने इस्राएल' हे शब्द वाचले आणि मी नाही म्हणू शकले नाही.

तन्वी आम्हाला एका गल्लीत घेऊन गेली. दुमजली जुनी इमारत, वरच्या मजल्यावर आता कोचिंग क्लास. एकेकाळी इथे बेने इस्राएल लोकांची प्रार्थनेची खोली होती, ती म्हणाली. मग तिने ती कहाणी सांगितली. कित्येक शतकांपूर्वी कोकणच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं, वाचलेली माणसं तिथेच राहिली, तेलाचे घाणे चालवू लागली, शनिवारी काम बंद ठेवायची म्हणून लोक त्यांना शनवार तेली म्हणू लागले, मराठीच त्यांची भाषा झाली. हे मला ठाऊक होतं. पण मग ती दाराच्या चौकटीवरच्या एका तिरक्या खुणेवर बोट ठेवून म्हणाली, इथे मेझुझा होता, म्हणजे प्रार्थनेचा कागद ठेवलेली छोटी डबी, आत-बाहेर करताना तिला हात लावून बोटं ओठांना लावायची. लोकांनी मोबाईल काढले. मी वाकून पाहिलं. खूण होती खरी. पण मेझुझा उजव्या हाताला असतो, आणि ही खूण डावीकडे होती. मला तर ती जुन्या विजेच्या मीटरची वाटली. हिचं पुढचं सगळं नीट ऐकायचं, एवढं मनाशी ठरवलं.

त्या गल्लीच्या मागेच आमची चाळ होती. आता तिथे बावीस मजली टॉवर आहे, खाली काचेचं जिम. मी मान वर करून पाहिलं तेव्हा मला टॉवर दिसला नाही, टर्पेंटाईनचा वास आला.

आमच्या गॅलरीच्या टोकाला दोन खोल्या होत्या. एक आमची, एक राहेलमावशीची. आम्ही साताऱ्याकडचे, बौद्ध. ते अलिबागकडचे, बेने इस्राएल. बाकीच्या खोल्यांमध्ये सगळे कोकणातले गिरणी कामगार. कुणी वाईट नव्हतं, पण आमच्या घरी चहा दिला की काहीजणींचा नेमका 'आत्ताच झालेला' असायचा. राहेलमावशी मात्र आईच्या हातचा चहा फुंकर मारत, बशीत ओतून प्यायची. म्हणून ती आईला आवडायची. पण आमच्याकडचं मटण ती खात नसे, आणि त्यावरून आईच्या मनात बरेच दिवस पाल चुकचुकत राहिली. हीपण त्यातलीच, वरून गोड. शेवटी मावशीनेच एक दिवस समजावलं की तुमचंच काय, आमच्यातला माणूस धर्माच्या रीतीने बकरं कापतो, ते सोडून आम्ही कुणाचंच खात नाही. आईने मान हलवली. पूर्ण पटलं होतं की नाही, देव जाणे.

चाळीच्या मनात त्यांच्याबद्दल असं बरंच होतं. कोळंबी खात नाहीत, मग कोकणातले कसे? आडनाव '-कर' आणि नाव डॅनियल, हे कसं? नळावर कुणीतरी म्हणायचं, ख्रिश्चनच असणार, लपवतात. दुसरी म्हणायची, ख्रिश्चन लपवायला कशाला जातील?

शुक्रवारी संध्याकाळी मावशीच्या घरी दिवा लागायचा. काचेच्या ग्लासात खाली पाणी, वर खोबरेल तेल, त्यात वात. तो ग्लास साखळीने छताला टांगलेला. चार वाजल्यापासून तिची धांदल सुरू व्हायची, नारळ खोवल्याचा आवाज, मग भिजवलेल्या मनुका कुस्करून केलेल्या सरबताचा आंबटगोड वास. डॅनियलकाका दुकानांच्या पाट्या रंगवायचे. शुक्रवारी दुपारीच ते ब्रश रॉकेलमध्ये धुऊन डालड्याच्या डब्यात उभे करून ठेवायचे, आणि शनिवारी सूर्य मावळेपर्यंत त्यांना हात लावायचे नाहीत. त्यामुळे माझ्या नाकात शुक्रवार म्हणजे रॉकेल, वेलची आणि खोबरेल असा काहीतरी मिळून एकच वास आहे. आजही कुठे आला तर मी थबकते.

आणि वर्षातून एकदा त्यांचा दार झाकायचा सण यायचा. आदल्या संध्याकाळी दार लागायचं ते दुसऱ्या रात्रीपर्यंत. सगळे पांढऱ्या कपड्यांत, पोटात पाण्याचा थेंब नाही, कुणाशी बोलणं नाही, बाहेरच्या कुणाला शिवणं नाही. चाळीचा श्वास त्या दिवशी त्या दारापाशी अडकलेला असायचा. आम्ही पोरं फळीला कान लावायचो. आतून एका सुरात काहीतरी पुटपुटल्याचा आवाज यायचा, मध्येच काकांचा खोकला. गॅलरीच्या दुसऱ्या टोकाच्या म्हाताऱ्या काकूंना खात्री होती की आत काहीतरी पुरलेलं आहे आणि वर्षातून एकदा ते उकरून बघतात. दुसऱ्या दिवशी दार सताड उघडायचं आणि मावशी हसत हसत घराघरात पुऱ्या वाटायची. पुऱ्या घेताना बायका तिच्या खांद्यावरून हळूच आत बघायच्या.

हन्ना त्यांची मुलगी. माझ्याच वयाची, माझ्याच वर्गात. डावखुरी. शाळेत बाई तिच्या डाव्या हातावर पट्टी मारायच्या, पण दर रविवारी प्रार्थनेच्या त्या वरच्या खोलीत तिला हिब्रू अक्षरं शिकवायचे आणि ती उजवीकडून डावीकडे लिहितात म्हणून तिथे तिची चंगळ असायची. जिन्यात बसून खडूने ती मला ती अक्षरं काढून दाखवायची. मला ती चमच्यांसारखी, विळ्यांसारखी दिसायची. आमच्यात गुपितं नव्हती. निदान मला तसं वाटायचं.

मिनीबस पवईकडे निघाली. तळ्याजवळच्या ऑफिसांच्या गर्दीत एका इमारतीच्या तळमजल्यावर कलादालन होतं, आणि तिथे 'घरातली ज्यू कला' असं प्रदर्शन भरलं होतं. चांदीचे पेले, मखमलीवर जरीने भरलेली हिब्रू अक्षरं, लग्नाचे रंगीत करारनामे, हळदीचे डाग पडलेली नऊवारी. तन्वी प्रत्येक वस्तूपाशी आवाज खाली आणायची. ही एका आजीने इस्रायलला निघताना दिली, हा पेला तीन पिढ्या कुणी वापरला नाही. मी मनात म्हणत होते, कुठली आजी, नाव सांग की. प्रत्येक गोष्ट जरा जास्तच सुबक होती.

आणि मग ती एका चित्रापाशी थांबली.

प्लायवूडवरचं चित्र, चार फूट रुंद. आगीचा रथ आकाशात चाललाय. रथात एलियाहू नबी, पाठमोरा. खाली समुद्र, माडांच्या रांगा, एक काळा खडक. घोडे दोन, तांबूस, पाय उचललेले. पाटीवर लिहिलं होतं: एलियाहू नबीचा रथ. अज्ञात चित्रकार. अलिबाग परिसर.

बेने इस्राएल लोकांचा हा फार लाडका नबी, तन्वी सांगत होती. तो स्वर्गात जाताना त्याचा रथ अलिबागजवळच्या खडकावर टेकला, अशी त्यांची श्रद्धा. नवस फेडताना त्याच्या नावाने मलिदा करतात, गोड पोहे, नारळ, फळं. मग तिने आवाज आणखी खाली आणला. चित्रकाराने नबीचा चेहरा का दाखवला नाही? कारण त्याच्या मनात धर्माचा संयम होता, पवित्र चेहऱ्यापुढे त्याचा कुंचला थांबला. आणि हा ज्वाळांचा केशरी रंग बघा, वनस्पतींपासून बनवलेला.

मी दोन माणसांच्या मधून पुढे सरकले.

तो केशरी रंग स्टेशनजवळच्या एका मिठाईवाल्याच्या पाटीचा होता. पाटी झाली, डब्यात रंग उरला, आणि काकांनी म्हटलं, वाया का घालवायचा. एका सुट्टीत आमच्या गॅलरीत, दोन स्टुलांवर प्लायवूड आडवं टाकून त्यांनी हे चित्र काढलं होतं. घोड्यांच्या डोळ्यांना झापडं होती, कारण काकांनी आयुष्यात जवळून बघितलेले घोडे फक्त टांग्याचे. मावशी दारात बसून तांदूळ निवडत म्हणाली होती, अहो, स्वर्गात जाताना कसली झापडं? काका म्हणाले होते, उंचावर घोडा बुजतो. चेहऱ्याचं म्हणाल, तर काका अक्षरं झकास काढायचे, पण माणसांचे चेहरे त्यांना जमायचे नाहीत. एकदा त्यांनी कुठल्याशा पुढाऱ्याचं चित्र काढलं तर सगळे म्हणाले, हा तर तुमचा भाऊ. मावशीचं म्हणणं वेगळं होतं. नबीचं तोंड आपण कोण काढणार, असं ती म्हणायची. खरं कुठलं, हे मला तेव्हाही कळलं नव्हतं. पण वनस्पती नव्हती, हे नक्की.

लोक पुढे गेले. मी चित्राच्या उजव्या कोपऱ्यात वाकले. माडांच्या वर एक निळा पक्षी होता, बारका. रंग ओला असताना हन्नाने तिथे अंगठा टेकवला होता. मावशी चिडली, पण काकांनी त्या निळ्या डागाला चोच आणि शेपूट काढून दिली आणि म्हणाले, जाऊ दे, तोही निघालाय बरोबर. मी चष्मा वर करून पाहिलं. पक्ष्याच्या पोटावर अंगठ्याच्या रेषा होत्या.

हे चित्र त्यांच्या घरात समोरच्या भिंतीवर असायचं. त्याच्यापुढे परातीत मलिदा मांडलेला, पोह्यांच्या डोंगरावर खोबरं, बाजूला केळी, सफरचंदं, गुलाबाच्या पाकळ्या. काका टोपी घालून गायचे, आणि दाराबाहेर आम्ही पोरं प्रसादाची वाट बघत उभी. हे चित्र मावशी कुणाला देणं शक्य नव्हतं. मग ते इथे कसं आलं?

माझ्या डोक्यात एकच आलं. चोरी. कुणीतरी ते हडपलं, जुनं म्हणून खपवलं आणि पाटीवर अलिबाग लिहिलं. मी तन्वीला बाजूला घेऊन विचारलं, हे कुठून मिळालं तुम्हाला? ती म्हणाली, एका कुटुंबाने प्रदर्शनापुरतं दिलंय. कुठल्या कुटुंबाने? तिने सांगितलं की देणाऱ्यांनी नाव सांगायचं नाही अशी अट घातली आहे. झालं, माझा संशय पक्का झाला. मी म्हटलं, हे घाटकोपरला झालंय, माझ्या डोळ्यांदेखत, आणि हे अज्ञात चित्रकार वगैरे सगळं खोटं आहे. तिचा चेहरा पडला. आता ही गोड बोलून मला वाटेला लावणार, असं मला वाटलं. पण तिने माईक बंद केला आणि विचारलं, तुम्हाला कसं माहीत? मी तिला पक्ष्यावरचा अंगठ्याचा ठसा दाखवला. ती कितीतरी वेळ वाकून बघत राहिली. मग म्हणाली, मी त्यांना कळवते. मी तिचा नंबर घेतला आणि तिने खरंच कळवलं नाही तर काय काय करायचं, ते घरी येईपर्यंत मनात घोळवत राहिले.

दहिसरच्या घरी गेले तरी मला चैन पडेना. मावशीकडचे सगळे चाळ सोडून गेले तो काळ पुन्हा पुन्हा आठवत राहिला.

त्यांच्यातली माणसं एकेक करून इस्रायलला जात होती. कुर्ल्याची मामी गेली, ठाण्याचे चुलते गेले. वरच्या खोलीतल्या प्रार्थनेला माणसं कमी पडायला लागली. मग चाळीत ज्याने त्याने मावशीला विचारायला सुरुवात केली. नळावर, रॉकेलच्या रांगेत, जिन्यात. काय मग, तुम्ही कधी निघताय? वाकडेपणाने नाही, सहज, जसं एखाद्याला गावी कधी जाणार विचारावं. मावशी हसायची. हन्ना त्याबद्दल कधी बोलली नाही, आणि मीही विचारलं नाही. पण मी बघत होते. त्यांच्या घरी नवी ट्रंक आली, ती मी पाहिली. सगळे एकदा फोटो काढायला स्टुडिओत गेले, काका कोट घालून, ते मी पाहिलं. हन्ना माझ्याशी बोलता बोलता मध्येच गप्प व्हायची, ते मी मनात नोंदवून ठेवलं. आम्ही सागरगोटे खेळायचो आणि मी तिच्या तोंडाकडे बघत राहायचे. ही मला फसवते आहे, असं मला वाटायचं. बारा वर्षांची होते मी.

मे महिन्यात आम्ही गावी गेलो. जूनमध्ये परतलो तेव्हा त्यांच्या दाराला दुसऱ्याच कुणाचं कुलूप होतं. चौकटीवरची डबी गेली होती, तिथे लाकूड पांढरट दिसत होतं. शेजारच्या काकू म्हणाल्या, गेले गं सगळे, विमानाने. शाळेत मी भूगोलाच्या पुस्तकातला नकाशा काढला आणि त्या देशावर बोट ठेवलं. माझ्या बोटाखाली तो अख्खा झाकला गेला.

त्यानंतर मी कधी कुणाला फार जवळ येऊ दिलं नाही, असं माझा नवरा म्हणायचा. मी म्हणायचे, तसं काही नाही.

दोन दिवसांनी तन्वीचा फोन आला. आवाजात गोडवा नव्हता, थोडी घाबरलेली होती.

"त्यांनी एक प्रश्न विचारलाय," ती म्हणाली. "अंगठा कुठल्या हाताचा?"

मला आधी राग आला. परीक्षा माझी? मग वाटलं, विकत घेऊन बसलेल्या माणसाला हे कसं सुचेल?

"डाव्या," मी म्हटलं. "ती डावखुरी होती."

पलीकडे कुणाशी तरी हळू बोलणं झालं. मग तन्वीने मुलुंडचा पत्ता सांगितला आणि शुक्रवारी चारच्या आत या म्हणाली.

मी गेले, पण सावधपणे गेले. लेकीला पत्ता पाठवून ठेवला. मुलुंडला तशी मी नवखी नव्हते. माझी आत्या तिथे राहायची. लग्नाची खरेदी तिच्याबरोबर तिथेच केली होती, नंतरही किती वेळा उतरले असेन. पत्त्यावरची इमारत रिकामी व्हायला आली होती. जिन्यात बिल्डरच्या नोटिसा, कितीतरी दारांना कुलपं. तिसऱ्या मजल्यावर एका चौकटीच्या उजव्या अंगाला तिरकी पितळी डबी होती. बेल वाजवायच्या आधी माझा हात आपोआप तिच्याकडे गेला, आणि मी तो मागे घेतला.

दार साखळीएवढंच उघडलं. फटीतून एक पांढऱ्या केसांची बाई मला खालून वर बघत होती.

"बिल्डरकडून आलात?"

"नाही. चित्राचं."

"एकट्याच आहात?"

मी हो म्हटलं. ती माझ्या मागे जिन्यात बघत राहिली. मग साखळी काढायला तिने हात वर केला. डावा हात.

तिने मला आत घेतलं, खुर्ची पुढे ओढली, पाणी दिलं. स्वयंपाकघरातून खोवलेल्या नारळाचा वास येत होता. समोरच्या भिंतीवर चार फुटांचा रंग न उडालेला चौकोन होता, आणि त्याच्याकडे बघताना मला रडू आलं. हन्ना माझ्या शेजारी स्टुलावर बसली आणि माझा हात हातात घेऊन, माझा की स्वतःचा ते न कळल्यासारखा चोळत राहिली.

"इस्रायलहून कधी आलात?" मी शेवटी विचारलं.

"गेलोच नाही," ती म्हणाली. "इथेच आलो. टेम्पोने."

हळूहळू तिने सगळं सांगितलं. सगळे विचारायचे, कधी निघताय, कधी निघताय. मामीला निरोप देऊन आईबाबा घरी आले की चाळ दारात उभी असायची, आता तुमचा नंबर म्हणून. तुमची खोली आम्हालाच द्या हं, असंही दोघांनी सांगून ठेवलं होतं. बाबांना जायचं नव्हतं. तिथे मराठी पाट्या कोण रंगवून घेणार, म्हणायचे. आईलाही जायचं नव्हतं. पण एक दिवस नळावर कुणीतरी परत विचारलं आणि आईच्या तोंडून निघून गेलं, पुढच्या महिन्यात. घरी येऊन ती खूप रडली. मग म्हणाली, यांनी आपल्याला मनातून केव्हाच पाठवलंय, आता इथे राहून रोज काय सांगायचं? बाबांनी मुलुंडला खोली बघितली. चाळीला सांगितलं, विमानाने जातोय.

"फोटो काढायला गेला होतात ते?" मी विचारलं.

"आजीला पाठवायला. आजी अलिबागला होती." ती जराशी हसली. "तू पासपोर्टचे समजलीस ना?"

काकांनी पुढे कितीतरी वर्षं मुलुंडमध्येच पाट्या रंगवल्या. मेडिकलच्या, इस्त्रीवाल्यांच्या, साडीच्या दुकानांच्या. मग फ्लेक्स आले आणि त्यांचं काम संपलं. मी विचारलं, साडीचं दुकान कुठलं? तिने सांगितलं. माझा शालू तिथलाच होता. दुकानाबाहेर आत्याची वाट बघत मी अर्धा तास उभी होते, आणि वेळ जाईना म्हणून पाटीवरची अक्षरं वाचत होते. मला आता त्या अक्षरांचं वळणसुद्धा आठवायला लागलं, की आठवल्यासारखं वाटायला लागलं, कोण जाणे.

काका गेले, मावशी गेली. त्या भिंतीकडे बघत हन्नाने विचारलं, चित्र कसं दिसतं तिथे, उजेडात? मी म्हटलं, छान दिसतं, पण खाली अज्ञात का लिहायला सांगितलंस? काकांचं नाव का नाही?

"नाव दिलं की माणसं येतात विचारत," ती म्हणाली. "तुम्ही तर गेला होतात ना, म्हणून."

"मीही तशीच आले."

"म्हणून तर हात विचारला."

बोलता बोलता ती उठली, ग्लासात पाणी घेतलं, वर तेल सोडलं, वात नीट केली. तेलाचा एक थेंब सांडला नाही. उन्हं उतरायला लागली होती. मला जे खरं विचारायचं होतं, ते अजून बाकी होतं. मी विचारलं.

"मला का नाही सांगितलंस?"

ती पाठमोरीच होती. तशीच म्हणाली, "सगळे विचारायचे, त्यांना खोटं सांगणं सोपं होतं. तू एकटीच होतीस, जिने कधी विचारलं नाही. तुला काय सांगणार होते मी? तुझ्याशी खोटं बोलायचं नव्हतं, आणि खरं सांगायची आईने शपथ घातली होती. म्हणून तुम्ही गावी जाईपर्यंत आम्ही थांबलो."

"मी भीतीने विचारलं नव्हतं," मी म्हटलं.

"ठाऊक आहे. मलापण भीतीच वाटत होती."

खाली कुणीतरी सामान उतरवत होतं, कपाट जिन्याला घासल्याचा आवाज येत होता. ती म्हणाली, महिन्याभरात इमारत पाडणार. तिचा मुलगा इस्रायलमध्ये आहे, खरोखरच तिकडे, दहा वर्षं झाली. रोज फोन करतो, आता तरी ये म्हणतो. आणि इमारतीत जे उरलेत ते सगळे तिला जिन्यात गाठून एकच विचारतात. तिने ते शब्द उच्चारले नाहीत. उच्चारायची गरज नव्हती.

मी निघाले. दारात चपला घातल्या. ती साखळीला हात लावून उभी होती. तिच्या चेहऱ्याकडे बघायची माझी ती जुनी सवय, तिथे काय लपलंय ते शोधायची, ती मी त्या क्षणी तशीच बाजूला ठेवली आणि तोंडाने विचारलं.

"जाणार आहेस का गं?"

हन्नाने खाली बघितलं, मग माझ्याकडे.

"माहीत नाही," ती म्हणाली. "खरंच माहीत नाही. या वयात तिकडे जाऊन काय करू, तेही कळत नाही, आणि इथे कुणासाठी राहू, तेही. कळलं की तुला सांगेन."

मी मान हलवली. गॅलरीतून उन्हाचा शेवटचा पट्टा निघून गेला होता. दिवा लावायची वेळ झाली, असं ती म्हणाली नाही, पण तिची नजर आत वळली होती.

मी चपला काढल्या आणि पुन्हा आत आले.